फेरिबोत्ते : चेहरा एकाचा, आवाज दुसऱ्याचा

चित्रपटाचा इतिहास आपण बहुधा दिग्दर्शकांच्या नावांनी सांगतो. फार तर नायक-नायिकांच्या. आज मागच्या रांगेतला एक माणूस घेऊ. तिबेरियो मुर्जा.

मारियो मोनिचेल्ली यांचा 'इ सोलिती इन्योती' हा चित्रपट १९५८चा. नावाचा अर्थ 'नेहमीचेच अज्ञात इसम'. रोममधले काही भुरटे चोर तिजोरी फोडायला निघतात, चुकीची भिंत फोडतात, आणि शेवटी त्या घरातल्या स्वयंपाकघरात बसून जेवतात! यातला एक जण सिसिलीचा. काळा सूट, बारीक मिशी, दगडासारखा चेहरा. बहिणीला तो घरात कोंडून ठेवतो. त्याला सगळे 'फेरिबोत्ते' म्हणतात, म्हणजे फेरीबोट. सिसिलीहून मुख्य भूमीवर यायचं तर मेसिनाची सामुद्रधुनी ओलांडावी लागते. टोपणनावातच त्याचं गाव आलं.

पहिल्यांदा पाहिला तेव्हा आम्ही हा नट सिसिलीचाच समजलो. इटलीतल्या प्रेक्षकांचीही तीच समजूत झाली. प्रत्यक्षात मुर्जा सार्डिनियाचा, ओरिस्तानो गावचा. सार्डिनियन ही सिसिलियनपेक्षा अगदी वेगळी भाषा. मग चित्रपटात ऐकू येतो तो आवाज कोणाचा? दुसऱ्याच नटाचा. त्या काळी इटलीत चित्रीकरणानंतर आवाज वेगळा भरत. बहिणीच्या भूमिकेतली क्लाउदिया कार्दिनाले ट्युनिसमध्ये फ्रेंच बोलत वाढलेली. तिलाही आवाज दुसरीचा. कापान्नेल्ले हा बोलोन्याच्या ढंगात बोलणारा म्हातारा कार्लो पिसाकानेने केला, तो नेपल्सचा!

मुर्जा नट नव्हताच. १९४६च्या करारानुसार इटली बेल्जियमला खाणकामगार पुरवत होती आणि मोबदल्यात कोळसा घेत होती. मुर्जाही त्या वाटेने मार्सिनेलच्या खाणीत गेला. ८ ऑगस्ट १९५६ला तिथे आग लागून २६२ माणसं गेली, त्यांतली १३६ इटालियन. त्या दिवशी तो खाणीत उतरला नव्हता, म्हणून वाचला. पुढे रोममध्ये एका खाणावळीत भांडी घासत असताना मोनिचेल्लींच्या माणसांच्या नजरेला पडला.

आता मुद्दा. 'पर्सन' हा शब्द ज्या लॅटिन 'पर्सोना'वरून आला, त्याचा अर्थ नटाचा मुखवटा. बोएथियसने त्याची फोड 'ज्यातून आवाज घुमतो ते' अशी केली. आजचे भाषाशास्त्रज्ञ ती मानत नाहीत, पण मुर्जाच्या बाबतीत ती अक्षरशः खरी ठरली. माणसाचा चेहराच मुखवटा झाला, आणि त्यातून घुमला परका आवाज.

आणि हे निव्वळ गमतीचं नव्हतं. इटलीच्या दंडसंहितेत तेव्हा ५८७ क्रमांकाचं कलम होतं. अनैतिक संबंध उघड होताच संतापाच्या भरात पत्नी, मुलगी किंवा बहिणीचा खून केला, तर घराण्याच्या अब्रूच्या नावाखाली शिक्षा अवघी तीन ते सात वर्षं! ते कलम रद्द झालं १९८१ साली. म्हणजे फेरिबोत्तेच्या बहिणीच्या दाराला कुलूप लागतं तेव्हा प्रेक्षक हसत होते ते चालू कायद्याला. पण कायदा साऱ्या देशाचा होता आणि हसू मात्र एका सिसिलियनाच्या वाट्याला आलं. रोमच्या, मिलानच्या प्रेक्षकाला 'हे तिकडचं, दक्षिणेतलं' म्हणून मोकळं होता आलं. तो 'तिकडचा' माणूसही खरा नव्हता, हे त्याला ठाऊक नव्हतं.

मुर्जाने पुढे शंभराहून अधिक चित्रपट केले. १९५९च्या 'ला ग्रांदे गुएर्रा'तही तो सिसिलियन सैनिकच आहे. १९८५ साली पुन्हा फेरिबोत्ते झाला. २०१० साली, ८१व्या वर्षी तो वारला.

त्याच्यावर अन्याय झाला का? त्याला विचारलं असतं तर भांडी घासण्यापेक्षा हे बरं, असंच कदाचित म्हणाला असता. तेही खरंच. पण सार्डिनियाच्या त्या माणसाला पडद्यावर सार्डिनियाचा म्हणून फारसं कोणी ऐकलं नाही, हेही खरं. दोन्ही गोष्टी एकदम मनात ठेवून तो चित्रपट पुन्हा पाहू. हसू येईलच. फक्त आपण कोणाला हसतोय, ते या वेळी नीट पाहू.