पोकेमॉन 'बनवून' विकला म्हणून थेट अटक! गेममध्ये हवा तसा पोकेमॉन घुसवतात तरी कसा?

एप्रिल २०२४ मध्ये जपानच्या कोची प्रांतातल्या पोलिसांनी (केरळातलं नाही, हे कोची जपानमधलं) ३६ वर्षांच्या एका माणसाला अटक केली. गुन्हा काय, तर तो पोकेमॉन विकत होता. खेळणी नाहीत, पत्ते नाहीत. 'पोकेमॉन व्हायोलेट' या व्हिडिओ गेमच्या आतले, फक्त स्क्रीनवर दिसणारे पोकेमॉन. पोलिसांच्या म्हणण्यानुसार डिसेंबर २०२२ ते मार्च २०२३ या काळात त्याने गेमच्या डेटामध्ये फेरफार करून गिऱ्हाइकाला हवे तसे पोकेमॉन तयार केले आणि ऑनलाइन विकले. दर होता जास्तीत जास्त १३ हजार येन, म्हणजे तेव्हाच्या हिशेबाने साधारण सात हजार रुपये. पोट भरण्यासाठी हे केलं, असं त्याने पोलिसांना सांगितल्याच्या बातम्या आल्या.

ही बातमी आपल्याकडे व्हायरल झाली ती बहुतेक "काय वेडे लोक आहेत" अशा सुरात. पण यामागे मोठा बाजार आहे, कायदा आहे आणि गेली अनेक वर्षं न सुटलेलं एक भांडणही आहे.

पोकेमॉन म्हणजे नक्की काय असतं?

कार्टून बघून मोठे झालेल्यांसाठी पिकाचू म्हणजे पिवळा, गोंडस, वीज सोडणारा प्राणी. गेमच्या दृष्टीने मात्र तो एक भरलेला फॉर्म आहे. जात कोणती, स्वभाव कोणता, कोणत्या बॉलमध्ये पकडला, कुठे पकडला, मालक कोण, कोणते चार हल्ले येतात, अशा रकान्यांचा. अलीकडच्या गेममध्ये एका पोकेमॉनचा हा सगळा फॉर्म ३४४ बाइटमध्ये बसतो. युनिकोड मराठीतलं एक चिन्ह तीन बाइट खातं. म्हणजे एक अख्खा पोकेमॉन साठवायला लागणारी जागा मराठीतल्या एखाद्या लांबलचक वाक्याएवढीच आहे!

या फॉर्ममधले काही रकाने गेम स्वतःच नशिबाने भरतो, आणि सगळा खेळ तिथेच आहे. प्रत्येक पोकेमॉनला जन्मतः सहा गुण मिळतात. ताकद, बचाव, वेग वगैरे. प्रत्येकाला ० ते ३१ पैकी एक आकडा. खेळाडू याला 'आयव्ही' म्हणतात. सहाच्या सहा आकडे निव्वळ नशिबाने ३१ यायची शक्यता किती? १०७ कोटींत एक. त्यावर २५ प्रकारच्या स्वभावांपैकी नेमका हवा तो पाहिजे. आणि पोकेमॉन 'शायनी', म्हणजे नेहमीपेक्षा वेगळ्या रंगाचा हवा असेल, तर ती शक्यता मूळची ८१९२ मध्ये एक. २०१३ पासून ती ४०९६ मध्ये एक झाली.

शायनीचा ताकदीशी काही संबंध नाही. नुसता रंग वेगळा. तरी लोक त्यासाठी महिनोन्‌महिने तेच गवत तुडवत बसतात. आता हा फॉर्म हाताने भरता आला तर? मोह कुणाला होणार नाही!

फॉर्म हाताने भरायचा कसा?

ज्यांनी घरच्या कॉम्प्युटरवर एम्युलेटर टाकून 'फायररेड' खेळलंय, त्यांना 'रेअर कँडी'चा चीट कोड आठवत असेल. त्या कोडचं मूळ होतं गेमशार्क आणि ॲक्शन रिप्लेसारख्या उपकरणांत. गेमची कार्ट्रिज या उपकरणात खोचायची, उपकरण कन्सोलमध्ये खोचायचं, आणि गेम चालू असताना मेमरीतला एखादा आकडा परस्पर बदलायचा. झुडपातून येणार होता साधा रटाटा, समोर उभा राहिला म्युटू. पद्धत रांगडी होती. आकडा चुकला तर आख्खा गेम बिघडायचा.

पुढे रोख मेमरीवरून सेव्ह फाइलवर गेला. खेळाडूची सगळी प्रगती, सगळे पोकेमॉन या फाइलमध्ये असतात. ती कन्सोलमधून बाहेर काढायची, कॉम्प्युटरवर 'पीकेहेक्स'सारख्या सॉफ्टवेअरमध्ये उघडायची, रकाने भरायचे आणि परत आत टाकायची. अडचण एवढीच की निन्टेन्डो स्विच ही फाइल सहजासहजी बाहेर काढू देत नाही. पण २०१८ मध्ये स्विचच्या चिपमध्ये एक त्रुटी सापडली. ती चिपमध्येच कोरलेल्या कोडमध्ये होती, त्यामुळे तोवर विकलेले स्विच नुसत्या अपडेटने दुरुस्त करणं कंपनीलाही शक्य नव्हतं. ते स्विच हॅकिंगसाठी कायमचे उघडे राहिले.

खरा बदल मात्र तिसऱ्या टप्प्यात झाला. आता स्वतःचा कन्सोल हॅक करायचीही गरज उरली नाही. कुणीतरी एक हॅक केलेला स्विच कॉम्प्युटरला जोडून ठेवतो, त्यावर बॉट चालतो. तुम्ही चॅटमध्ये मागणी टाकायची: अमुक पोकेमॉन, अमुक स्वभाव, सगळे आयव्ही ३१, शायनी. बॉट तुम्हाला आठ आकडी कोड देतो. तो कोड टाकून गेममध्ये नेहमीच्या मार्गाने अदलाबदल करायची, तुमचा एखादा फालतू पोकेमॉन द्यायचा आणि मागणीप्रमाणे 'शिवलेला' पोकेमॉन घ्यायचा. दोन मिनिटांचं काम. खेळाडूंच्या भाषेत हे झालं 'जेन' करणं. अनेक बॉट हे फुकट करून देतात, काही पैसे घेतात.

मग पकडले कसे जातात?

सगळ्यात आधी पकडले जातात हावरट. एखाद्याने पोकेमॉनला न येणारा हल्ला दिला किंवा गुणांचा आकडा मर्यादेबाहेर नेला, की गेमची स्वयंचलित तपासणीच त्याला ऑनलाइन लढाईत अडवते. थोडक्यात, बनावट पोकेमॉन अजिंक्य असतो हा गैरसमज आहे. स्पर्धेत टिकायचं तर त्याला खऱ्याच्या मर्यादेतच राहावं लागतं.

कधीकधी मशीनच्या नजरेतून सुटलेलं माणसांना दिसतं. २०१४ मध्ये एका नामांकित खेळाडूचा एजिस्लॅश हा तलवारीसारखा पोकेमॉन 'ड्रीम बॉल'मधून बाहेर आला. बघणाऱ्यांनी लगेच बोट ठेवलं, कारण त्या काळात एजिस्लॅश ड्रीम बॉलमध्ये मिळण्याचा कोणताही मार्ग गेममध्ये नव्हता. लढाईच्या दृष्टीने बॉलचा काडीचाही फरक पडत नाही. पण सही खोटी आहे हे मात्र कळलं.

जुन्या गेमच्या बाबतीत तर गंमत आणखी खोल आहे. तिथे गेमचं 'नशीब' हे प्रत्यक्षात एक गणिती सूत्र होतं. एका आकड्यातून पुढचा, त्यातून त्याच्या पुढचा. त्यामुळे पोकेमॉनचा ओळख क्रमांक आणि त्याचे आयव्ही यांच्यात नातं असायचं. हाताने भरलेल्या फॉर्ममध्ये ते नातं जुळलं नाही की चोरी उघड. याच सूत्राचा अभ्यास करून काही खेळाडू कन्सोलचं घड्याळ ठरावीक वेळेला लावायचे, ठरावीक क्षणी बटण दाबायचे आणि हवा तोच पोकेमॉन मिळवायचे. यात डेटा बदललेला नसतो. मग ही फसवणूक की हुशारी? याचं उत्तर देताना खेळाडूंचे आजही दोन गट पडतात.

नव्या गेममध्ये आणखी एक कुलूप आलं आहे. 'पोकेमॉन होम' ही कंपनीची २०२० पासूनची ऑनलाइन सेवा. एका गेममधून दुसऱ्या गेममध्ये पोकेमॉन नेताना तो इथून जातो आणि त्याच्यावर एक वेगळा क्रमांक बसतो. त्याची नोंद कंपनीच्या सर्व्हरवर असते. फॉर्म कुणीही भरेल, पण कंपनीच्या वहीत नोंद कशी करणार?

योकोहामात काय झालं?

ऑगस्ट २०२३ मध्ये पोकेमॉनची जागतिक स्पर्धा पहिल्यांदाच जपानमध्ये, योकोहामाला भरली. वर्षभर पात्रता फेऱ्या खेळून, विमानाची तिकिटं काढून आलेल्या खेळाडूंपैकी काहींचे पोकेमॉन तपासणीत बनावट निघाले. काहींच्या वाट्याला सामन्यातला पराभव आला, काही थेट बाद झाले. तपासणी नेमकी कशी होते हे कंपनी सांगत नाही. पण त्या मोसमात 'होम'मधून आलेल्या पोकेमॉनना पहिल्यांदा परवानगी मिळाली होती, आणि खेळाडूंचा संशय त्याच क्रमांकावर होता.

त्यानंतर सोशल मीडियावर जे पेटलं, ते मूळ भांडण. बाद झालेल्यांची बाजू घेणाऱ्यांचं म्हणणं होतं की आमचा पोकेमॉन खऱ्यापेक्षा तसूभरही ताकदवान नव्हता, मग यात फसवणूक कसली? आणि खरा मिळवायचा तर खर्च बघा. त्या वेळी स्पर्धेत जवळपास सगळ्यांना हवा असलेला उर्शिफू 'स्कार्लेट' किंवा 'व्हायोलेट'मध्ये पकडताच येत नव्हता. त्यासाठी २०१९ चा 'सोर्ड' किंवा 'शील्ड' हा आधीचा गेम हवा, वर त्याचा विस्तारित भाग. दोन्ही मिळून अमेरिकेत ९० डॉलर, म्हणजे साडेसात हजार रुपयांच्या आसपास. एवढं करून एका सेव्हमध्ये उर्शिफूचं पिल्लू मिळतं एकच, आणि त्याला दोनपैकी कोणतं रूप द्यायचं हे एकदाच ठरवता येतं. दुसरं रूप हवं? पुन्हा पहिल्यापासून खेळा.

दुसऱ्या बाजूचं म्हणणं सरळ होतं. नियम सगळ्यांना माहीत होते, आणि हजारो लोकांनी तेच तास घालून, तेच पैसे मोजून आपला संघ बांधला. वाद ताकदीचा नाही, वेळेचा आहे. एकाने शंभर तास घातले आणि दुसऱ्याने दोन मिनिटं, तर त्या उरलेल्या वेळात दुसऱ्याने सराव केला. हा फायदा नाही तर काय?

दोन्ही बाजूंत तथ्य आहे. पण ज्या स्पर्धेत डोकं लढवण्याची परीक्षा आहे, तिच्या दारातच जुने गेम विकत घ्यायची अट ठेवली, तर चोरवाट शोधणारे निघणारच. हा दोष खेळाडूंइतकाच गेमच्या रचनेचाही आहे.

यात सगळ्यात वाईट अडकतो तो निर्दोष माणूस. गेममध्ये अनोळखी लोकांशी अदलाबदलीची सोय आहे. समोरच्याने काय दिलं हे कळायला मार्ग नसतो. कधी पोकेमॉनच्या नावाच्या जागी चक्क एखाद्या वेबसाइटचा पत्ता असतो, तेव्हा गोष्ट उघड असते. पण नीट बनवलेला पोकेमॉन शाळकरी पोराला ओळखू येणार आहे का? स्पर्धेचा नियम मात्र स्पष्ट आहे: संघातला पोकेमॉन अदलाबदलीत मिळाला असला तरी जबाबदारी खेळाडूचीच.

यात पोलीस कुठून आले?

स्पर्धेतून बाद होणं वेगळं आणि तुरुंगाची भीती वेगळी. जपानमध्ये अनुचित स्पर्धा प्रतिबंधक कायदा आहे. २०१८ मध्ये त्यात झालेल्या दुरुस्तीनंतर सेव्ह डेटा बदलण्याची साधनं विकणं आणि पैसे घेऊन तो बदलून देणं बेकायदा ठरलं. शिक्षा पाच वर्षांपर्यंत कैद किंवा ५० लाख येनपर्यंत दंड, किंवा दोन्ही. कायद्याचा रोख पुरवणाऱ्यावर आहे. घरी बसून स्वतःच्या गेममध्ये खुडबुड करणाऱ्याच्या दारात पोलीस येत नाहीत, त्याचं खातं कंपनी बंद करू शकते एवढंच.

कोचीचं प्रकरण पहिलं नव्हतं. २०२१ मध्ये नागोयाच्या २३ वर्षांच्या तरुणावर याच कायद्याखाली कारवाई झाली. त्याने 'सोर्ड-शील्ड'मधला एक सोबल ४,४०० येनला विकला होता. अशा विक्रीतून त्याची एकूण कमाई ११ लाख येनच्या पुढे गेल्याचं समोर आलं.

आणि कंपनी स्वतः काय करते?

पोकेमॉनची सगळी क्रेझच एका 'घुसवलेल्या' पोकेमॉनने वाढवली. १९९६ चा पहिला गेम पूर्ण होत आला, तपासणीसाठीचा कोड काढून टाकला आणि कार्ट्रिजवर सुमारे ३०० बाइट जागा रिकामी झाली. प्रोग्रामर शिगेकी मोरिमोतो यांनी तिथे गुपचूप १५१ वा पोकेमॉन बसवला: म्यू. तो गेममध्ये सरळ मार्गाने सापडतच नव्हता. मग 'कोरोकोरो' मासिकातून जाहीर केलं की २० भाग्यवान वाचकांना म्यू मिळेल. सुमारे ७८ हजार अर्ज आले. विजेत्यांनी आपली कार्ट्रिज पाठवायची, कंपनी त्यात म्यू टाकून परत देणार! पुढे सिनेमाच्या तिकिटासोबत, कोडमधून, इंटरनेटवरून असे आधीच फॉर्म भरलेले पोकेमॉन कंपनी वाटतच आली. बॉट आणि कंपनी यांचं तंत्र फार वेगळं नाही, अधिकार कुणाचा एवढाच फरक.

दुसरीकडे जेन करण्याची गरजच कमी व्हावी म्हणून गेमही मऊ होत गेले. २०१६ पासून 'बॉटल कॅप' देऊन कमी आयव्हीची भरपाई करता येते. २०१९ पासून 'मिंट' खाऊ घालून स्वभावाचा परिणाम बदलता येतो. १०७ कोटींत एक असलेली गोष्ट आता काही तासांत जमते. राहिला प्रश्न जुन्या गेममध्ये अडकलेल्या पोकेमॉनचा. २०२५ मध्ये कंपनीने 'पोकेमॉन चॅम्पियन्स' हा फक्त लढाईसाठीचा गेम जाहीर केला. त्यात 'होम'मधून काही पोकेमॉन आणण्याची सोय असेल, असंही सांगितलं. म्हणजे हा फॉर्म नक्की कुणी भरला, हे तपासण्याचं काम तिथेही सुटणार नाही.