भाऊबंदकी : एका शब्दाची कुळकथा

भाऊबंद म्हणजे एका मूळपुरुषाचे वंशज, एकमेकांचे सुतक पाळणारे. त्याला ‘की’ प्रत्यय लागून भाऊबंदकी झाली. हाच प्रत्यय आपुलकीत आहे, पाटीलकीतही आहे. आपुलकीत तो भाव सांगतो, पाटीलकीत हक्क. भाऊबंदकीत दोन्ही एकत्र आले, आणि नात्याचा शब्द तंट्याचा झाला.

तंट्याचे मूळ वारसाहक्कात आहे. कल्याणीच्या चालुक्यांच्या काळात विज्ञानेश्वराने याज्ञवल्क्यस्मृतीवर मिताक्षरा टीका लिहिली. तिच्यानुसार वडिलोपार्जित मिळकतीत मुलाला जन्मतःच वाटा मिळतो. बंगालच्या दायभागात तो बाप मेल्यावर मिळतो. मिताक्षरेमुळे महाराष्ट्रात पाळण्यातले मूलही वाटेकरी. जमिनीचे तुकडे तरी पाडता येत. मानाचे कसे पाडणार? पोळ्याला पुढची बैलजोडी आणि होळीची पहिली पोळी थोरल्या शाखेचीच. या वडीलकीसाठी पाटलांची घराणी पिढ्यानपिढ्या गोतसभेपुढे भांडली.

पेशव्यांचा शनिवारवाडाही यातून सुटला नाही. १७६२ मध्ये राघोबादादांनी पुतण्या माधवरावाविरुद्ध निजामाची मदत घेतली. पुढच्याच वर्षी, १० ऑगस्ट १७६३ रोजी, आजच्या बीड जिल्ह्यातील राक्षसभुवनला काका-पुतण्यांनी मिळून त्याच निजामाचा पराभव केला. परक्यासमोर एक होणारे हे घर गादीपुढे मात्र फुटले. ३० ऑगस्ट १७७३ रोजी माधवरावाचा धाकटा भाऊ नारायणराव पेशवा याचा खून झाला. राघोबादादांची पत्नी आनंदीबाईंनी ‘धरावे’चे ‘मारावे’ केल्याची आख्यायिका ‘ध चा मा’ या वाक्प्रचारात उरली. खाडिलकरांनी १९०९ मध्ये ‘भाऊबंदकी’ याच नावाने या खुनावर नाटक लिहिले. १९१५ मध्ये एस. एन. पाटणकरांनी याच खुनावर मूकपट काढला. तो भारतातला पहिला ऐतिहासिक चित्रपट मानला जातो. एका अक्षरावर फिरणारी ही कथा, पडद्यावर अक्षरे दाखवून बोलणाऱ्या मूकपटाला फार जवळची होती.

राक्षसभुवनचा मुलूख पुढे १९४८ पर्यंत निजामाच्या राज्यात होता. निजामी गेली, पुढे १९६२ च्या कायद्याने मुलकी पाटीलकीही संपली. भाऊबंदकी मात्र सातबाऱ्यावर आली. कोरडवाहू मुलखात ती दोन जागी पेटते : नांगराने कोरलेल्या बांधावर आणि सामाईक विहिरीच्या पाळीवर.

या शब्दात बहीण कधीच नव्हती. महाराष्ट्राने १९९४ मध्ये मुलीला जन्मतः समान वाटा दिला, पण आधी लग्न झालेल्या मुली वगळल्या. २००५ च्या केंद्रीय दुरुस्तीने ती अट गेली. त्या वेळी वडील हयात नसले तरी मुलीचा हक्क टिकतो, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये ठरवले. तलाठ्याकडे वारसनोंदीत आता तिचे नाव लागते, आणि त्यामागोमाग पुष्कळदा तिच्या सहीचे हक्कसोडपत्रही येते.