टॅबमधील जागा : 'कॅशे' पुसावे, 'डेटा' जपावा

नागपूर येथील 'महाज्योती' या २०१९ मध्ये स्थापन झालेल्या संस्थेने गोंदियासह राज्यभरातील इतर मागासवर्गीय, विमुक्त जाती व भटक्या जमातींच्या विद्यार्थ्यांना जेईई, नीट व सीईटीच्या तयारीसाठी टॅब दिले. अभ्यासाच्या टॅबवर गेम यायला वेळ लागत नाही. एखादा मोठा गेम दोन-तीन जीबी जागा सहज व्यापतो आणि 'स्टोरेज फुल'ची सूचना झळकू लागते.

अँड्रॉइड टॅबवर 'सेटिंग्ज'मधील 'अ‍ॅप्स' उघडून गेम निवडावा व 'अनइन्स्टॉल' करावा. मुख्य पडद्यावरील चिन्ह हटविल्याने गेम जातोच असे नाही. कंपनीनेच घालून दिलेले काही गेम निघत नाहीत. ते बहुधा 'डिसेबल' करता येतात.

खरी चूक घडते ती यापुढे. 'क्लिअर कॅशे'ने केवळ तात्पुरत्या फाइल पुसल्या जातात. 'क्लिअर डेटा' अथवा 'क्लिअर स्टोरेज' दाबल्यास मात्र अभ्यासाच्या अ‍ॅपमध्ये उतरवून ठेवलेली व्याख्यानेही जातात. सालेकसा, देवरीच्या जंगलपट्ट्यात, जेथे नेटवर्कचा भरवसा नाही, ती पुन्हा उतरविण्यात परीक्षेच्या तोंडावर दिवस खर्ची पडू शकतात. त्यामुळे गेम काढून भागत असेल, तर या अ‍ॅपला हात न लावणेच शहाणपणाचे.

छायाचित्रांबाबतही सावधगिरी हवी. 'गूगल फोटोज'मध्ये 'डिलीट' केल्यास बॅकअपमधील प्रतही 'ट्रॅश'मध्ये जाते व ६० दिवसांनी कायमची नष्ट होते. 'फ्री अप स्पेस' वापरल्यास केवळ टॅबवरील प्रत पुसली जाते.