कचेरीतील अंतर

इंग्रजी अमदानीतील नोकरशाहीत दुखावलेल्या मानाची परिचित कथा वरून खाली येते. गोरा साहेब अवमान करतो. एतद्देशीय कारकून तो गिळतो किंवा बंड करतो. वासुदेव बळवंत फडके पुण्यात लष्करी हिशेब खात्यात कारकून होते. आईच्या आजारपणात वेळेवर रजा न मिळाल्याचा सल चरित्रकारांनी त्यांच्या १८७९ च्या बंडाशी जोडला आहे.

डॉ. आंबेडकरांच्या बडोद्यातील अनुभवाने ही कथा उलटी होते. कोलंबिया व लंडन येथे शिकून ते १९१७ मध्ये करारानुसार संस्थानच्या सेवेत रुजू झाले. धनंजय कीर यांच्या चरित्रानुसार हाताखालचे शिपाई त्यांच्या टेबलावर कागद लांबूनच टाकत आणि कचेरीत त्यांना पिण्यास पाणी मिळत नसे. मॅक्स वेबरच्या आदर्श प्रारूपात पद व्यक्तीहून वेगळे असते. येथे शिपायाची जात अधिकाऱ्याच्या पदावर मात करते.

लक्षणीय असे की, 'वेटिंग फॉर अ व्हिसा' या आंबेडकरांच्या आत्मकथनपर लेखनात बडोद्याच्या कचेरीचा उल्लेख ओझरताच येतो. तेथे केंद्रस्थानी आहे पारशी धर्मशाळा: नाव बदलून मिळवलेला आसरा, अकराव्या दिवशी काठ्या घेऊन आलेला जमाव, घरी ठेवून घेण्यास कचरलेले दोन मित्र, आणि गाडीची वेळ होईपर्यंत सार्वजनिक बागेत काढलेले तास.

कचेरी त्याच लेखनात येते ती दुसऱ्याच्या अनुभवातून. सफाईचे काम लादलेल्या जातीतील मुंबईचा एक तरुण १९३६ मध्ये खेडा जिल्ह्यात बोरसदला तलाठी नेमला गेला. जात कळताच मामलेदार कचेरीतील कारकुनाने त्याला दूर उभे केले, दाखला आणि नेमणुकीचा हुकूम जमिनीवर टाकायला लावून मगच उचलला. पाण्यासाठी त्याचे गंजके भांडे वेगळे होते. १९३८ मध्ये दादरच्या एका सभेत त्याने ही हकीकत सांगितली.

या मांडणीचा परिणाम महत्त्वाचा आहे. उच्चविद्याविभूषित अधिकाऱ्याचा अपमान त्याच्या वैयक्तिक अभिमानाचा प्रश्न म्हणून वाचला जाऊ शकतो. तलाठ्याच्या बाबतीत ती पळवाट उरत नाही. शिवाय 'मान दुखावला' असे म्हणायला तो आधी मान्य झालेला असावा लागतो. फडक्यांची तक्रार रजेच्या हक्काला धरून होती. तलाठ्यापाशीही सरकारी हुकूम होता; फक्त तो जमिनीवर पडला होता.