बुडालेल्या बेटाचें स्वप्न

इतिहास म्हणजे शिलालेख, नाणीं, बखरी आणि ताम्रपट यांच्या साहाय्यानें जुळविलेली भूतकाळाची साखळी, अशी आपली समजूत आहे; आणि ती योग्यच आहे. परंतु जेथें एकहि कागद उरला नाहीं, नगर समुद्राच्या पोटांत गेलें आणि तें पाहणारांचीं नांवेंहि लोपलीं, तेथें त्या भूतकाळाचें मागें काय उरतें? जे. आर. आर. टॉल्किन (१८९२–१९७३) या ऑक्सफर्डच्या भाषापंडितानें या प्रश्नाचें एक विलक्षण उत्तर आपल्या कल्पित सृष्टीपुरतें रचिलें होतें. असा भूतकाळ वंशजांच्या स्वप्नांत परत येतो, आणि तो एकट्याच्या नव्हे, अनेकांच्या स्वप्नांत येतो, असें तें उत्तर होय.

या कल्पनेचें बीज त्याच्या स्वतःच्याच निद्रेंत होतें. शांत समुद्रांतून एक प्रचंड लाट उठून हिरव्या भूमीवर चालून येत आहे, असें स्वप्न त्यास कळूं लागल्यापासून वारंवार पडत असे. पुढें आपला मुलगा मायकेल यालाहि तेंच स्वप्न पडतें असें त्यास आढळलें. दोघांनाहि एकमेकांच्या स्वप्नाची तोंवर वार्ता नव्हती! कवि ऑडन यास १९५५ सालीं लिहिलेल्या पत्रांत त्यानें हें नमूद केलें आहे. या अनुभवास सिद्धांताची जोड जे. डब्ल्यू. डन या विमानविद्येंतील इंजिनियराच्या ग्रंथानें मिळाली. जागेपणीं आपलें अवधान वर्तमानाच्या बिंदूवर खिळलेलें असतें, निद्रेंत मात्र तें मागच्यापुढच्या काळांत संचार करतें, असें डननें १९२७ सालीं प्रतिपादिलें होतें. विज्ञानानें हें मत स्वीकारलें नाहीं. कथाकारांस मात्र त्यांत एक नवी वाट दिसली.

१९३६-३७ च्या सुमारास टॉल्किन व त्याचा मित्र सी. एस. ल्यूइस यांनीं असें ठरविलें कीं, ल्यूइसनें अवकाशप्रवासाची कथा लिहावी आणि टॉल्किननें कालप्रवासाची. ल्यूइसची कादंबरी १९३८ सालीं प्रसिद्ध झाली. टॉल्किनची 'द लॉस्ट रोड' अपुरीच राहिली, आणि त्याच्या मृत्यूनंतर १९८७ सालीं छापली गेली. तींत ऑल्बॉइन नांवाच्या आधुनिक इंग्रज प्राध्यापकास लहानपणापासून स्वप्नांत एका अज्ञात भाषेचे शब्द ऐकूं येतात, आणि त्या शब्दांचा माग काढीत कथा न्यूमेनॉर या बुडालेल्या बेटापर्यंत मागें जाते. १९४५-४६ मध्यें लिहिलेल्या 'द नोशन क्लब पेपर्स' या दुसऱ्या अपुऱ्या कथेंत ऑक्सफर्डच्या एका साहित्यमंडळाचे दोन सभासद त्याच बेटाच्या स्मृतीनें झपाटले जातात, आणि वादळाच्या रात्रीं भर सभेंत प्राचीन पुरुषांप्रमाणें बोलूं लागतात. आमच्या वाचकांस येथें पूर्वजन्मींच्या संस्कारांची आठवण होईल. परंतु तो संस्कार एका जीवाचा असतो. हा कुळाचा आणि भाषेचा आहे.

येथेंच एक शंका उभी राहते, आणि ती रास्त आहे. रक्तांतून पूर्वजांची स्मृति वाहते, हा विचार त्या दशकांत युरोपांत निरुपद्रवी राहिलेला नव्हता. जर्मनींत नाझींनीं रक्ताच्या महतीवर राज्य उभारलें होतें. १९३८ सालीं तेथील एका प्रकाशकानें टॉल्किनकडे त्याच्या आर्यवंशाची ग्वाही मागितली, तेव्हां त्यानें उत्तराच्या मसुद्यांत त्या मागणीचा तिखट समाचार घेतला. मग त्याची स्वतःची कल्पना त्याच विषाची म्हणावी काय?

आमच्या मतें नाहीं. आणि याचें कारण त्या स्वप्नाच्या आशयांत आहे. न्यूमेनॉरच्या राजानें मृत्यूस जिंकण्याच्या लोभानें अमरांच्या भूमीवर आरमार नेलें, आणि त्या अपराधापायीं सबंध बेट बुडालें. 'द लॉस्ट रोड' मधील त्या बेटावर हेर आहेत, कैदखाने आहेत, एकाएकीं नाहींशीं होणारीं माणसें आहेत आणि वाढते शस्त्रसंभार आहेत. वंशजांच्या निद्रेंत परत येतो तो पूर्वजांच्या या अधःपाताचा शेवट. त्यांचा पराक्रम नव्हे. इतर राष्ट्रें पूर्वजांचें वैभव स्वप्नांत पाहून मत्त होत असतां हा लेखक त्यांचें पाप स्मरावयास सांगत होता.

शिवाय, स्मृति मिळाली म्हणजे सद्बुद्धि मिळाली असेंहि तो मानीत नाहीं. १९५४-५५ मध्यें प्रसिद्ध झालेल्या 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' या त्याच्या महाकथेंत बोरोमिर व फारामिर हे दोघे भाऊ त्याच बुडालेल्या बेटाच्या लोकांचे वंशज आहेत. दोघांनाहि एकच गूढ स्वप्न पडतें. पुढें सर्वनाशी सत्तेची मुद्रिका हस्तगत करण्याची संधि येते, तेव्हां बोरोमिर मोहास बळी पडतो आणि फारामिर तिच्याकडे पाठ फिरवितो. त्या प्रलयंकर लाटेचें स्वप्नहि टॉल्किननें फारामिरलाच दिलें आहे.

स्वप्नांतून इतिहास कळतो, हें कोणीहि अभ्यासक मान्य करणार नाहीं. आम्हीहि करीत नाहीं. पण पूर्वजांच्या स्मृतीवर पोसलेल्या कोणत्याहि समाजानें हा सिद्धांत एकदां स्वतःस लावून पाहावा. आपण मुलांच्या स्वाधीन जो भूतकाळ करितों, त्यांत जिंकलेले गड तेवढे असतात, कीं आपल्याच हातून बुडालेलीं बेटेंहि असतात?