दानिएल स्त्रोले (१७००–१७४६)

अठराव्या शतकातील स्वीडिश ऑर्गनकार व वाद्यनिर्माते. चर्चमधील ऑर्गन आणि घरगुती क्लॅव्हिकॉर्ड या दोन्ही प्रकारच्या वाद्यांची निर्मिती त्यांनी केली. परंतु संगीत व गणित या दोन्ही क्षेत्रांत त्यांचे नाव राहिले ते एका लहानशा भौमितिक रचनेमुळे. वाद्याच्या तारांची लांबी ठरविण्याची ही रीत १७४३ मध्ये प्रसिद्ध झाली आणि त्याच प्रकाशनात एका विद्वानाच्या हिशेबातील चुकीमुळे ती निरुपयोगी ठरविली गेली. तिचे खरे मोल व्यापकपणे मान्य होण्यास पुढे सुमारे दोनशे वर्षे जावी लागली.

उमेदवारी आणि परवाना

स्टॉकहोमचे यूहान निकलास काहमान हे त्या काळातील स्वीडनचे अग्रगण्य ऑर्गनकार. लोव्स्ताब्रुक या लोखंडाच्या कारखान्याच्या गावातील चर्चमध्ये त्यांनी १७२८ मध्ये उभारलेला ऑर्गन आजही बरोक काळातील उत्कृष्ट वाद्यांत गणला जातो. स्त्रोले यांनी काहमान यांच्या हाताखाली कारागीर म्हणून काम केले. काहमान १७३७ मध्ये निवर्तले आणि चार वर्षांनी, १७४१ मध्ये, त्यांचा ऑर्गननिर्मितीचा परवाना स्त्रोले यांना मिळाला.

हा परवाना म्हणजे केवळ धंद्याची परवानगी नव्हती. प्रत्येक प्रदेशात मोजक्याच नामांकित कारागिरांना तो दिला जाई. ऑर्गन बांधण्याचा व दुरुस्त करण्याचा, तसेच नव्या कारागिरांना शिकविण्याचा व त्यांची परीक्षा घेण्याचा अधिकार त्यातून मिळे. स्त्रोले यांच्याकडे शिकलेल्यांत त्यांचा पुतण्या पेटर स्त्रोले आणि योनास ग्रेन हे होते. या दोघांनी पुढे भागीदारीत चालविलेला स्टॉकहोममधील कारखाना त्या शतकात विशेष गाजला.

संगीतविषयक लेखक आब्राहाम ह्यूलफर्स यांनी १७७३ च्या आपल्या ग्रंथात स्त्रोले यांनी क्रिस्टोफर पोल्हेम यांच्याकडे यंत्रशास्त्राचे शिक्षण घेतल्याची नोंद केली आहे. पोल्हेम हे स्वीडनचे विख्यात यंत्रज्ञ आणि तेथील विज्ञान अकादमीच्या आरंभीच्या सदस्यांपैकी एक. त्यामुळे स्त्रोले यांना गणिताचा काहीएक परिचय असावा, असे अनुमान केले जाते.

वाद्ये

स्त्रोले यांनी १७४३ मध्ये बांधलेला ऑर्गन स्त्रोम्सहोल्म येथील राजवाड्याच्या प्रार्थनामंदिरात मूळ स्वरूपात टिकून आहे. त्यांची स्वाक्षरी व १७३८ हे साल असलेले एक क्लॅव्हिकॉर्ड स्टॉकहोमच्या संगीत संग्रहालयाच्या संग्रहात दाखल झाले. क्लॅव्हिकॉर्डमध्ये पट्टी दाबताच तिच्या टोकाची पितळी पात तारेला भिडते व नाद उमटतो. आवाज अगदी हलका असल्याने हे वाद्य घरात वाजविण्याचे व सरावाचे मानले जाई. स्त्रोले यांच्या या वाद्याची घडण आणि तारांच्या लांबीचे प्रमाण दोन्ही नेहमीपेक्षा वेगळी आहेत. तारांच्या लांबीचा प्रश्न १७४३ च्या लेखापूर्वीच त्यांच्या मनात घोळत होता, असे यावरून दिसते.

सूर जुळविण्याची अडचण

तार निम्मी केली की वरचा षड्ज मिळतो आणि दोन तृतीयांश केली की पंचम. मात्र षड्जापासून शुद्ध पंचमाने एकामागून एक बारा पायऱ्या चढल्या, तर सात सप्तके वरच्या षड्जाशी त्या नेमक्या जुळत नाहीत, सुमारे १.४ टक्क्याचा फरक उरतो. गायकाला हा फरक गळ्याने सांभाळता येतो, पण पट्ट्यांच्या वाद्यात सूर आधीच बांधलेले असतात. म्हणून तो फरक बारा स्वरांत कोठे ना कोठे वाटून टाकावा लागतो. तो सर्वांत सारखा वाटला तर प्रत्येक पायरीवर कंपनसंख्या सुमारे १.०५९५ पटीने वाढते. आपल्याकडील पेटीच्या सुरांविषयी जाणकार जी तक्रार करतात, तिचे मूळ याच समान वाटणीत आहे.

हे गुणोत्तर दोनच्या बाराव्या मुळाएवढे असते. पट्टी आणि कंपास यांच्या साहाय्याने ते अचूक रेखाटणे शक्य नाही. कारागिराला हवी होती ती एखादी सोपी आणि पुरेशी अचूक युक्ती.

स्त्रोले यांची रचना

स्वीडनची विज्ञान अकादमी १७३९ मध्ये स्थापन झाली होती. तिचे वृत्तांत लॅटिनऐवजी स्वीडिश भाषेत निघत आणि उपयुक्त कलाकौशल्यांना त्यांत जागा असे. लिनेयस व पोल्हेम यांच्यासारख्यांचे लेखन असलेल्या या वृत्तांतात एका ऑर्गनकाराचा लेखही छापला गेला.

रचना अशी: १२ एकक लांबीचा पाया 'बक' घ्यावा व त्याचे बारा समान भाग करावेत. २४ एककांच्या दोन समान बाजूंनी त्यावर शिरोबिंदू 'अ' असलेला त्रिकोण पूर्ण करावा. 'ब' पासून ७ एककांवर 'अब' या बाजूवर 'ड' हा बिंदू घ्यावा. 'कड' ही रेषा काढून ती पुढे तेवढीच वाढवावी व तिच्या टोकाला 'इ' म्हणावे. 'इक' ही संपूर्ण तार आणि 'इड' ही निम्मी तार. आता 'अ' पासून पायावरील प्रत्येक विभागबिंदूपर्यंत रेषा काढल्या, की त्या 'कड' ला जेथे छेदतात तेथे मधले अकरा स्वर मिळतात.

ही रेखाटनाची रीत आश्चर्यकारक अचूक आहे. तीव्र मध्यमासाठी तारेची लांबी २९/४१, म्हणजे ०.७०७३ येते, समान वाटणीत ती ०.७०७१ असायला हवी. सर्वाधिक फरक शुद्ध धैवतावर पडतो आणि तोही सुमारे ०.१५ टक्के. एक मीटर लांबीच्या तारेवर कोणत्याही स्वराची जागा पूर्ण एक मिलिमीटरही चुकत नाही.

फागोट यांची चूक

अकादमीचे सचिव याकोब फागोट हे भूमापक व गणिताचे जाणकार होते. स्त्रोले यांच्या लेखाला त्यांनी त्रिकोणमितीने केलेली पडताळणी जोडली. त्यात 'क' पाशी असलेला, पाया आणि 'कड' यांमधील कोन सुमारे साडेतेहतीस अंशांऐवजी ४० अंशांहून थोडा अधिक धरला गेला. जणू 'ड' हा बिंदू ७ ऐवजी सुमारे ८.६ एककांवर घेतला असावा, असा त्याचा परिणाम झाला. त्यामुळे कोष्टकात काही स्वर १.७ टक्क्यापर्यंत चुकलेले दिसले. हा फरक अर्ध्या स्वराच्या चौथ्या हिश्शाहून अधिक असून सवयीच्या कानाला तो सहज खटकतो. छापील आकड्यांपुढे कारागिराची रीत सदोष ठरली. स्त्रोले त्यानंतर तीनच वर्षे जगले. आपले गुरू काहमान यांचा ऑर्गन असलेल्या लोव्स्ताब्रुक येथे १७४६ मध्ये त्यांचे निधन झाले.

जर्मन संगीतशास्त्रज्ञ फ्रीड्रिख विल्हेल्म मार्पुर्ग यांनी १७७६ मध्ये फागोट यांचेच आकडे आपल्या ग्रंथात पुन्हा छापले. १७७९ मध्ये क्रिस्टलीब बेनेडिक्ट फुंक यांनी चूक दाखवून दिल्याची नोंद त्यानंतरच्या काही जर्मन पाठ्यपुस्तकांत आढळते. तथापि मूळ रचनेकडे कोणी फारसे लक्ष दिले नाही. मार्पुर्ग यांच्या ग्रंथातील एका अक्षरचिन्हाच्या गफलतीमुळे तिच्या जनकाचे आडनावही पुढील इंग्रजी लेखनात 'स्ट्रेले' असे रूढ झाले.

पुनर्मूल्यांकन

अमेरिकन संगीतशास्त्रज्ञ जे. मरी बार्बर यांनी १९५७ मध्ये एका गणितविषयक नियतकालिकात ही रचना नव्याने मांडली. फागोट यांचा हिशेब चुकला होता आणि स्त्रोले यांची रीत बरोबर होती, हे त्यांनी दाखविले. इतकेच नव्हे, तर संख्यांची मुळे काढण्यासाठी तिच्यामागील तत्त्वाचा विस्तारही केला. पुढे आयझॅक शोनबर्ग यांनी १९७६ मध्ये गिटारच्या पडद्यांच्या संदर्भात तिचे विवेचन केले आणि इयान स्ट्यूअर्ट यांच्या लोकप्रिय गणितलेखनामुळे ती सामान्य वाचकांपर्यंत पोहोचली. या लेखकांनी स्त्रोले यांना अशिक्षित कारागीर मानून त्यांच्या प्रतिभेचे कौतुक केले. ह्यूलफर्स यांची नोंद ध्यानात घेता या वर्णनाला मुरड घालावी लागते. स्त्रोले यांनी स्वतः मात्र, काही विचाराने व पुष्कळ प्रयोगांनी ही रीत साधली, एवढेच आपल्या लेखात नमूद केले होते.