कुर्ल्याची मोटार: एक देह, अनेक नावे

ह्या व्याख्यानमालेत राजांचा, संतांचा आणि स्वातंत्र्यलढ्याचा इतिहास आपण पुष्कळ ऐकला आहे. आज मी एका मोटारीचा इतिहास सांगणार आहे. मोटारीला कसला आला आहे इतिहास, असे कोणी म्हणेल. पण जी वस्तू साडेतीन दशके एकाच कारखान्यातून, जवळजवळ एकाच रूपाने बाहेर पडत राहिली, जिच्यावर हजारो कुटुंबांच्या चुली पेटल्या आणि जी मुंबई शहराची ओळख होऊन बसली, तिला इतिहास नाही असे म्हणणे म्हणजे घडविणाऱ्या हातांना इतिहास नाही असे म्हणणे होय. मी कामगार संघटनेत आयुष्य घालविलेला मनुष्य आहे. तेव्हा मोटारीकडे मी मालकाच्या गादीवरून पाहणार नाही. ती जुळविणाऱ्याच्या जागेवरून पाहणार आहे.

एका नावाने दीर्घकाळ चाललेल्या मोटारी जगात थोड्या नाहीत. जपानची कोरोला 1966 साली निघाली. 2018 साली तिची बारावी पिढी लोकांसमोर आली. पहिल्या आणि बाराव्या पिढीत नावाखेरीज सामाईक असे फारसे काही उरलेले नाही. म्हणजे तेथे नाव टिकले आणि यंत्र बदलत गेले. आमच्या कुर्ल्याच्या गाडीचे नेमके उलट झाले. येथे यंत्र टिकले आणि नावे बदलत गेली. हे असे का झाले आणि त्यात कोणी काय मिळविले, काय गमावले, हाच आजचा विषय.

प्रारंभ वालचंद हिराचंद ह्यांच्यापासून करावा लागतो. 1882 साली सोलापुरात जन्मलेला हा गृहस्थ. बोरघाटातील रेल्वेच्या बोगद्यांपासून जहाजांपर्यंत, आणि जहाजांपासून विमानाच्या कारखान्यापर्यंत त्यांनी हात घातला. मोटार हिंदुस्थानात बनली पाहिजे हा त्यांचा जुना ध्यास होता. 1944 साली त्यांनी प्रीमियर ऑटोमोबाइल्स ही कंपनी काढली, अमेरिकेच्या क्रायस्लर कंपनीशी करार केला, आणि 1947 साली कुर्ल्याच्या कारखान्यातून पहिल्या गाड्या बाहेर पडल्या. परंतु त्या काळी गाडी 'बनविणे' म्हणजे परदेशातून पेट्यांत आलेले भाग येथे जोडणे. पेटी फोडावी, भाग पुसावेत, बोल्ट आवळावेत, रंग द्यावा. कारखाना आमचा, घाम आमचा, पण विद्या परक्याची!

ही स्थिती पालटली ती 1953 साली. टॅरिफ कमिशनच्या शिफारशीवरून सरकारने ठरविले की, ज्यांच्यापाशी सुटे भाग देशातच बनविण्याचा कार्यक्रम आहे त्यांनीच येथे मोटारीचा धंदा करावा. 1928 पासून मुंबईत गाड्या जोडणारी जनरल मोटर्स आणि तिच्या बरोबरीची फोर्ड ह्या दोन्ही बलाढ्य कंपन्यांनी त्यानंतर गाशा गुंडाळला. मागे राहिले ते मुख्यतः तिघे: कलकत्त्याजवळ उत्तरपाड्याला हिंदुस्थान मोटर्स, मद्रासला स्टँडर्ड आणि मुंबईत प्रीमियर.

प्रीमियरने ह्या सुमारास इटलीच्या फियाट कंपनीचा हात धरला होता. आरंभी छोटी फियाट 500 आली. पण संसारी माणसाची गाडी म्हणून जी रुजली ती फियाट 1100. इटलीत ती 1953 साली लोकांपुढे आली. योगायोग असा की त्याच वर्षी वालचंदांचे निधन झाले. 1954 पासून ही गाडी कुर्ल्यात तयार होऊ लागली. 1089 घन सेंटिमीटरचे चार सिलिंडरचे इंजिन, चार गिअर, गिअरचा दांडा स्टिअरिंगच्या खांबावर आणि वेगळ्या सांगाड्यावाचून पत्र्याच्या एकसंध पेटीनेच सारा भार तोललेला, अशी तिची रचना होती. पुढचे दरवाजे उलट्या बाजूने उघडत आणि नाक पुढे आलेले. मुंबईकरांनी तिला 'डुक्कर फियाट' म्हणावयास वेळ लावला नाही. आमच्या लोकांनी एखाद्या वस्तूला टोपणनाव दिले की समजावे, ती वस्तू आता घरची झाली.

मग नावांची मालिका सुरू झाली. एलिगंट आली, सिलेक्ट आली, सुपर सिलेक्ट आली. कधी पुढची जाळी बदलली, कधी मागच्या पंख्याला टोक आले, कधी दिव्यांची ठेवण निराळी झाली. 1964 साली आली ती डिलाइट. पुढे जिला सारा देश 'पद्मिनी' म्हणून ओळखू लागला, तिचा देह हाच. इटलीत हे रूप 1962 साली निघाले आणि 1966 साली बदललेही. 1969 नंतर तेथे हा सारा वंशच थांबला. आमच्याकडे मात्र तेच रूप शतकाच्या अखेरीपर्यंत चालत राहिले.

ह्या डिलाइटच्या काळातली एक गोष्ट प्रसिद्ध आहे. लालबहादूर शास्त्री पंतप्रधान झाल्यावर त्यांच्या घरी मोटार नव्हती. फियाटची किंमत सुमारे 12,000 रुपये आणि खात्यात 7,000. उरलेल्या 5,000 रुपयांसाठी देशाच्या पंतप्रधानाने पंजाब नॅशनल बँकेकडून कर्ज काढले. 1966 साली ते गेले, आणि कर्जाचे हप्ते ललितादेवींनी आपल्या निवृत्तिवेतनातून फेडले. ही गोष्ट साधेपणाची म्हणून सांगितली जाते, व ते योग्यच आहे. पण तिच्यातून दुसरेही काही कळते. जिला 'कुटुंबाची गाडी' म्हणत ती पंतप्रधानाच्या कुटुंबालाही कर्जावाचून परवडत नव्हती. मग ती जोडणाऱ्या फिटरच्या कुटुंबाची काय कथा?

1972 च्या सुमारास फियाटशी असलेला करार संपला. फियाट हे नाव लावण्याची मुभा गेली. साचे मात्र कुर्ल्यातच होते. म्हणून गाडी प्रथम प्रीमियर प्रेसिडेंट झाली आणि 1974 पासून प्रीमियर पद्मिनी. चितोडच्या राणीचे नाव मिळाले. परंतु बोनेट उघडले की आत तेच 1089 चे इंजिन. लोक तर शेवटपर्यंत तिला 'फियाट'च म्हणत राहिले.

आता प्रश्न असा की गाडी बदलली का नाही? आमच्या इंजिनिअरांना अक्कल नव्हती, किंवा कामगार आळशी होते, अशी उत्तरे दिली जातात. ती खरी नाहीत. पत्र्याला आकार देणारा साचा, ज्याला कारखान्यात डाय म्हणतात, तो अतिशय खर्चाचा असतो. नवे रूप काढायचे म्हणजे नवे साचे, आणि ते आणण्यास परकीय चलन लागे. त्याची तर देशात चणचण. किती गाड्या काढायच्या त्यावर परवान्याची मर्यादा. 1969 साली सरकारने मोटारींच्या किमतीही कायद्याने बांधल्या आणि कंपन्यांना सर्वोच्च न्यायालयाची पायरी चढावी लागली. दुसऱ्या बाजूला गिऱ्हाईक पैसे भरून वर्षानुवर्षे रांगेत उभे. ज्याचा माल न बदलताही खपतो आणि बदलायला गेले तर अडवणूक होते, तो बदलील कशाला? ह्यात सरकारचे धोरण होते, तशी मालकांची सोयही होती. उत्तरपाड्याची अँबॅसडर 1957 पासून 2014 पर्यंत चालली, तिची कथा निराळी नाही. रशियाने फियाटचीच 124 ही गाडी घेतली, आणि तिचे वंशज 1970 पासून 2012 पर्यंत बनत राहिले. बंद बाजारात मोटार म्हातारी होते, मरत नाही.

परंतु गाडी थांबली म्हणून माणसे थांबली नव्हती. माझ्या मते ह्या इतिहासाचा गाभा येथे आहे. बाहेरून पाहणाऱ्यास 1964 ची आणि 1994 ची गाडी सारखी दिसेल. पण पहिलीच्या मागे पेट्या फोडण्यातून नुकती वर आलेली पिढी होती. शेवटच्यांच्या मागे इंजिनाच्या ओतकामापासून दाराच्या कडीपर्यंत सारे देशात घडविणारी माणसे उभी होती. कुर्ल्याभोवती आणि मुंबई-पुण्याच्या पट्ट्यात सुटे भाग करणारे लहान कारखाने उभे राहिले. एक टर्नर दुसऱ्याला शिकवी, तो तिसऱ्याला. यंत्राच्या पिढ्या झाल्या नाहीत; हातांच्या झाल्या.

एकच गाडी वर्षानुवर्षे जोडली की हात जलद होतो. मग त्या जलदपणाचे मोल कोणाचे? मालक म्हणतो, माझ्या साच्याचे. कामगार म्हणतो, माझ्या हाताचे. ठरलेल्या प्रमाणापेक्षा अधिक काम निघाले तर जादा पैसे, ही प्रोत्साहन योजना, आणि ते प्रमाण कोठे धरायचे हा कारखान्यातला कायमचा झगडा. प्रीमियरमध्ये अशाच प्रोत्साहन-वेतनाच्या करारावरून वाद झाला. कारखान्यात दोन संघटना होत्या. एकीने केलेला करार दुसरीच्या लोकांना मान्य नव्हता, म्हणून ते दिवाणी न्यायालयात गेले. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत चढले. 1975 साली निकाल झाला की, जो हक्क औद्योगिक विवाद कायद्यानेच निर्माण झाला आहे त्याची दाद त्याच कायद्याच्या मार्गाने मागावी. दिवाणी न्यायालयात ती मागता येणार नाही. 'प्रीमियर ऑटोमोबाइल्स विरुद्ध वाडके' हा निकाल पुढे कामगार कायद्याच्या अभ्यासात पायाभूत ठरला. मोटारीचे नाव पुसले गेले, पण तिच्या कामगारांच्या भांडणाचे नाव कायद्याच्या ग्रंथात राहिले. त्याच दशकाच्या उत्तरार्धात तेथील कामगार डॉ. दत्ता सामंतांच्या मागे गेले, हे मुंबईच्या कामगार चळवळीत सर्वश्रुत आहे.

कारखान्याच्या फाटकाबाहेर ह्या गाडीचा दुसरा संसार होता, तो टॅक्सीचा. काळा-पिवळा रंग, बाहेर लावलेले मीटर, टपावर सामानाचे कॅरियर. गाडी लहान, गल्लीत वळणारी. गिअर स्टिअरिंगपाशी असल्याने पुढे ड्रायव्हरशेजारी मोकळेपणाने बसता येई. आणि मुख्य म्हणजे, बिघडली तर कोठल्याही नाक्यावरचा मिस्त्री ती दुरुस्त करी. पॉइंट घासावेत, प्लग पुसावेत, टॅपेट जुळवावेत, गिअरच्या दांड्यातले झिजलेले बुश बदलावेत. उन्हाळ्यात पेट्रोलची वाफ धरून गाडी बंद पडली तर पंपावर ओले फडके ठेवावे आणि थोडे थांबावे. हे ज्ञान कोणत्या पुस्तकात नव्हते. ते हातातून हातात गेले. नव्वदीच्या दशकात मुंबईच्या टॅक्सींची संख्या 60,000 च्या घरात होती व त्यांत बहुतेक ह्याच गाड्या होत्या. पुढे त्याच जुन्या इंजिनावर गॅसची टाकीही बसविली गेली.

1983 च्या डिसेंबरात मारुतीची गाडी आली आणि रांगेत उभे राहणाऱ्या गिऱ्हाइकाने मान वळविली. प्रीमियरने 1985 साली 118 एनई ही नवी गाडी काढली, तीही फियाटच्या जुन्या 124 च्या देहात जपानी निस्सान इंजिन घालून. 1991 नंतर बाजार उघडला. पद्मिनीला शेवटी शेवटी डिझेल इंजिन दिले, गिअर खाली जमिनीवर आणला. पण तीस वर्षांचे काम तीन वर्षांत कसे व्हावे? शतक संपता संपता उत्पादन थांबले. कुर्ल्याच्या त्या जमिनीवर आज राहत्या इमारती आहेत. मुंबईत नोंदलेली शेवटची पद्मिनी टॅक्सी 29 ऑक्टोबर 2003 ची. टॅक्सीला वीस वर्षांची वयोमर्यादा असल्याने 30 ऑक्टोबर 2023 पासून ही गाडी टॅक्सी म्हणून रस्त्यावरून उतरली. त्या दिवशी वर्तमानपत्रांनी हळहळ व्यक्त केली. हळहळ गाडीची होती. नव्वदीच्या दशकात ज्यांच्या हाती 'स्वेच्छानिवृत्ती'चे कागद ठेवले गेले, त्या मुंबईच्या कारखान्यांतील फिटर-टर्नरांसाठी अशी पाने भरली गेल्याचे माझ्या पाहण्यात नाही.

हे सारे मुंबईचे झाले. नगरच्या श्रोत्यांना त्याचे काय, असे कोणी विचारील. त्याचे उत्तर पुण्याच्या वाटेवर आहे. सुपे आणि शिरूर मागे टाकले की रांजणगाव लागते. कुर्ला सुटल्यावर फियाट कंपनीने आपला संसार तेथे मांडला, आणि टाटांच्या भागीदारीत तेथे आज मोटारी बनतात. आपल्या जिल्ह्यातली मुले मोटारसायकलीवर बसून ह्या पट्ट्यात कामाला जातात. आता मॉडेल तीस वर्षे टिकत नाही. काही वर्षांतच रूप पालटते. विजेवर चालणाऱ्या गाडीत तर टॅपेट नाही, प्लग नाही, गिअरपेटीचा तो पसारा नाही. पूर्वी गाडी थांबली होती म्हणून कामगार अडचणीत आला. उद्या गाडी धावत सुटली म्हणून तो मागे पडेल. दोन्ही वेळा त्याला विचारले कोणीच नाही!

मी हिवरे बाजारचा. 1972 च्या दुष्काळानंतर आमच्या गावातली माणसे पोटासाठी मुंबई-पुण्याकडे गेली, हे आपणांस ठाऊक आहे. पुढे गावाने एकत्र येऊन पाणी अडविले आणि गेलेली कुटुंबे परतली. त्या गावाने एक नेम धरला आहे. दरवर्षी पाऊस मोजायचा, जमिनीत किती पाणी उरले ते पाहायचे, आणि मगच कोणते पीक घ्यायचे ते ग्रामसभेत ठरवायचे. ह्याला आम्ही पाण्याचा ताळेबंद म्हणतो. कारखान्याच्या ताळेबंदात साचे असतात, जमीन असते, इमारत असते; कामगाराच्या हातातले कसब कोठल्याच रकान्यात नसते. म्हणून कारखाना उठला की जमिनीला भाव येतो आणि कसबाला येत नाही. संघटनांनी आता नुसत्या भत्त्याची नव्हे, तर नव्या यंत्राचे शिक्षण कामाच्या वेळात आणि पगारासह मिळावे ह्याची कलमे करारात घालून घेतली पाहिजेत. मॉडेल बदलण्यापूर्वी सहा महिने तरी कामगारांना सांगितले पाहिजे. कोणाला काय येते ह्याची नोंद दरवर्षी, आमच्या विहिरींच्या पातळीप्रमाणे, झाली पाहिजे.

कुर्ल्याच्या गाडीची नावे पुष्कळ झाली. ती घडविणाऱ्यांची नावे कोठे लिहिलेली नाहीत. आपल्या घरात, आपल्या गल्लीत अशा कारखान्यात राबलेले कोणी वृद्ध असतील, तर त्यांना एकदा जवळ बसवून विचारा, त्यांच्या हाताखालून काय काय गेले. आणि लिहून ठेवा. तो इतिहास लिहिण्याचे काम आता आपले आहे.